सुनावणी उधळू नका, झरे मोजा

प्रश्न : आमचं गाव कोल्हापूर जिल्ह्यात, सह्याद्रीच्या माथ्याखाली. वरच्या सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर, बॉक्साइटची खाण प्रस्तावित आहे. सड्याच्या कडेनं निघणाऱ्या झऱ्यांवर आमची नळयोजना चालते, पुढं त्यांचीच नदी होते. जनसुनावणीची नोटीस पेपरात आली आहे. ग्रामपंचायतीनं विरोधाचा ठराव केला, म्हणून सरपंच निर्धास्त आहेत. पोरं म्हणतात, सुनावणी उधळून लावू. शिवाय एकजण स्टॅम्पपेपरवर संमतीच्या सह्या घेत फिरतोय. काय करावं?

उत्तर : आधी पोरांना आवरा. सुनावणी बंद पाडली की खाण अडते, असं पुष्कळांना वाटतं. पण प्रकल्पाचा पर्यावरणावर काय परिणाम होईल ते आधी तपासायला लावणारी जी २००६ची पर्यावरणीय आघात मूल्यांकन अधिसूचना आहे, तिच्यात उलटीच सोय आहे. स्थानिक परिस्थितीमुळे लोकांना मोकळेपणानं बोलता येईल अशी सुनावणी घेणं शक्य नाही, असा अहवाल वर गेला, तर पर्यावरण मंजुरी देणारं प्राधिकरण सुनावणी वगळूनही पुढं जाऊ शकतं. म्हणजे खुर्च्या तुम्ही फेकायच्या आणि फायदा कंपनीचा. बहिष्कारानंही काही साधत नाही. सुनावणीला गणपूर्ती लागत नाही, चार माणसं आली तरी ती झाली असंच धरतात.

ठराव केलात, चांगलं केलंत. पण तुमचं गाव अनुसूचित (आदिवासी) क्षेत्रात येत नाही, त्यामुळे तिथल्या ग्रामसभांना जादा अधिकार देणाऱ्या पेसा कायद्याचा आधार नाही, आणि ‘आमचा विरोध आहे’ एवढंच म्हणणारा कागद फाइलीत जाऊन बसतो. २००९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं गोव्यातल्या एका खाणीच्या प्रकरणात सांगितलं, की सुनावणीत आलेल्या हरकतींचा मंजुरीची शिफारस करणाऱ्या तज्ज्ञ समितीनं विचार केला पाहिजे आणि कारणं दिली पाहिजेत. हरकत मोघम असेल तर तिला उत्तरही मोघमच मिळतं, आणि तेवढ्यावर भागतं.

म्हणून पाणी मोजा. सड्यावरचा जांभा सच्छिद्र असतो. तो पावसाळ्यात पाणी पितो आणि खालच्या चिकण थरावरून कडेकडेनं महिनोन्‌महिने सोडत राहतो. बॉक्साइट याच कवचात असतं, ते काढणं म्हणजे गावाची टाकीच उचलून नेणं. हे तुम्हाला ठाऊक आहे, पण कागदावर आलं पाहिजे. पंधरा लिटरची बादली घ्या, प्रत्येक झऱ्यावर जा, ती किती सेकंदांत भरते ते मोबाइलवर मोजा आणि तारीख घालून वहीत लिहा. लोकेशनसह फोटो काढा. नळयोजनेचं पाणी सोडणाऱ्या कर्मचाऱ्याची खाली सही घ्या.

मग मूल्यांकन अहवालाचा मसुदा उघडा. तो जिल्हाधिकारी कार्यालयात आणि जिल्हा परिषदेत पाहायला ठेवावाच लागतो, सारांश मराठीतही. त्यातल्या नकाशात तुमचे झरे आहेत का? भूजलाची पाहणी कोणत्या महिन्यात केली? ‘क्षेत्रात बारमाही प्रवाह नाही’ अशा धर्तीचं वाक्य शोधा. अहवालात नसलेला झरा तुमच्या वहीत सापडला, की केस उभी राहते. गोव्यातल्या मोपा विमानतळाच्या प्रकरणात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं मंजुरी स्थगित केली, त्यात अर्जात माहिती दडवल्याचा मुद्दा मोठा होता. पुढच्या वर्षी ती स्थगिती उठली, हेही लक्षात असू द्या. कोर्टातून वेळ मिळतो, कायमची हमी क्वचितच.

हरकत लेखी द्या, पोच घ्या, आणि सुनावणीत उभं राहून तीच वाचा. चित्रीकरण होतं. शेवटी इतिवृत्त मराठीत वाचून दाखवणं बंधनकारक आहे. तुमचा मुद्दा गळला असेल तर तिथंच बोला, घाईघाईनं घरी निघू नका.

दोन गोष्टी लगेच तपासा. पहिली, पश्चिम घाटाच्या संवेदनशील क्षेत्राच्या यादीत गावाचं नाव आहे का. केंद्रानं १३ नोव्हेंबर २०१३ रोजी पर्यावरण संरक्षण कायद्याच्या कलम ५ खाली अशा क्षेत्रात नव्या खाणींना मनाई करणारे निर्देश काढले. ३१ जुलै २०२४च्या मसुदा अधिसूचनेतही खाणबंदी प्रस्तावित आहे. यादीत नाव असेल तर हरकतीची सुरुवात तिथूनच करा. दुसरी, सड्यातला काही भाग वनजमीन आहे का. असेल तर वनहक्क कायद्याचं कलम ५ वाचा. त्यात पाणलोट आणि पाण्याचे स्रोत राखण्याचा अधिकार ग्रामसभेला दिलेला आहे. ओडिशातल्या नियमगिरीत २०१३ मध्ये बाराही ग्रामसभांनी बॉक्साइटची खाण नाकारली, तो सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतरचा प्रकार. तिथं डोंगरावरचे धार्मिक हक्क हा कळीचा मुद्दा होता, तुमच्याकडं तो तसाच लागू होईल असं मी म्हणणार नाही. सामूहिक वनहक्काचा दावा केलेला नसेल, तर मात्र तो ग्रामसभेत आजच घ्या.

संमतीपत्रावर कुणीही सही करायची नाही. आधी झाली असेल तर त्या कागदाची प्रत मिळवून मला दाखवा.

एवढं करूनही मंजुरी निघाली, तर राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाच्या पुणे खंडपीठात अपील करता येतं. मुदत ३० दिवस, सबळ कारण असेल तर आणखी ६०, त्यापुढं एक दिवसही नाही. नुकसानभरपाई मागितली नाही तर शुल्क १,००० रुपये. मुदत मंजुरी जाहीर झाल्यापासून मोजतात, तुमच्या हातात प्रत पडल्यापासून नव्हे. तेव्हा केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाचं, या मंजुऱ्या जिथं जाहीर होतात ते परिवेश संकेतस्थळ आठवड्यातून एकदा बघण्याचं काम गावातल्या एका पोराला लावून द्या. सुनावणी उधळण्याचा उत्साह तिथं खर्ची पडेल.