नुसत्या डॉक्युमेंटरीवर घर चालतं का हो मॅडम?

बरेच आईवडील हे विचारतात आणि मी सरळच सांगते, बहुतेकांचं नाही चालत. थिएटरला लागत नाही, चॅनलवाले क्वचितच घेतात, ग्रांट मिळाली तरी टप्प्याटप्प्यानं येते आणि ती पिक्चरमध्येच जिरते. वेळही भरपूर जातो, डॉक्युमेंटरीवाले आनंद पटवर्धन, त्यांच्या 'जय भीम कॉम्रेड'ला 14 वर्षं लागली, 1997 ते 2011. त्यामुळे तीन वर्षात संपलं नाही म्हणून पोरगा आळशी, असं काही नसतं.

मागे एक बापलेक माझ्याकडे सल्ल्याला आले होते (ओळख बदललीये). मुलगा तिशीतला, नोकरी सोडून नागपूरच्या इतवारीकडच्या हातमागांवर फिल्म करतोय. वडील म्हणे, "दिवसभर खोलीत बसून राह्यते, इचारलं तर म्हन्ते एडिट चालू हाये." त्यानं बॅगेतून मोज्यात गुंडाळलेली हार्ड डिस्क काढून टेबलावर ठेवली, हे बघा काम! मी म्हटलं ते ठीके, पण तुझा खर्च कशातून निघतो? बराच वेळ गप्प, मग वडिलांकडे न बघता म्हणतो, लग्नं शूट करतो. घरी सांगायचा मित्राकडे अमरावतीला चाललो, कारण काय तर फिल्मवाले दोस्त हसतील. अरे बाबा, कमावतोयस ते लपवतोस आणि रिकामा दिसतोस, हा कुठला हिशोब?

मग तिथंच कागदावर मांडलं. लग्नाच्या सीझनमधले ठरावीक पैसे घरात द्यायचे, आणि फिल्मसाठी आईच्या एफडीला हात लावायचा नाही, त्याचे पैसे बाहेरूनच उभे करायचे. पण बाहेर कुठे अर्जच केलेला नव्हता. कोलकात्याला डॉकएज नावाच्या डॉक्युमेंटरी मेळ्यात पिचिंग होतं, म्हणजे पैसे देणाऱ्यांपुढे फिल्म मांडता येते, मुंबईत 1990 पासून मिफ हा डॉक्युमेंटरींचा महोत्सव भरतो, हे सगळं त्याला माझ्यापेक्षा जास्त माहीत, तरी ना ट्रेलर कापलेला, ना बजेट लिहिलेलं. का, तर "एक शूट बाकी आहे." कोणतं विचारलं तर एका आजोबांचा खड्डामाग (खड्ड्यात पाय सोडून चालवायचा हातमाग), जो त्यांनी गेल्याच वर्षी मोडून काढला होता! म्हणजे ते शूट होणारच नव्हतं, पोरगा लोकांना दाखवायला घाबरत होता एवढंच.

दिवाळीपर्यंत रफ कट, म्हणजे फिल्मचा कच्चा जोड, करायचा, पहिला घरच्यांना दाखवायचा आणि लगेच अर्ज टाकायचा असं ठरलं. तोवर "कधी संपन" हे विचारायचं नाही, ही अट वडिलांना घातली. काका म्हणाले, "बाकी वेळ नाई इचारत, पन जेवताना तर इचारीनच."