नार्पेसला जाताय? बोलावण्याची वाट बघू नका

तुम्ही दोन गोष्टी विचारल्यात: फिनलंडमधल्या नार्पेसच्या ग्रीनहाऊसमधलं काम झेपेल का, आणि तिथलं गाव परक्या माणसाला जवळ करतं का. सहा वर्षं तिथे काढली, म्हणून लिहितो.

काम झेपेल. फिनलंडचे निम्म्याहून जास्त टोमॅटो दहा हजारांच्याही आत वस्ती असलेल्या या एका पालिकेत पिकतात. बाहेर उणे वीस असलं तरी आत दिव्यांच्या झगझगाटात टी-शर्टवर पानं काढायची, वेल खाली उतरवायचे, तोडणी करायची. पहिला महिनाभर खांदे भरून येतात, मग हात बसतो. फिनलंडमध्ये कायद्याने ठरवलेलं किमान वेतन नाही, पगार कामगार संघटनेच्या करारावरून ठरतो, तेव्हा तो करार वाचून घ्या. आणि नोकरी किंवा परवाना मिळवून देतो म्हणून कुणी पैसे मागितले, तर एक छदामही देऊ नका.

आता माणसं. बोस्नियातून आलेले निर्वासित, मग व्हिएतनामी कामगार, असे बाहेरचे लोक तिथे तीसेक वर्षांपासून आहेत. भाषा स्वीडिश, पण बोली अशी की स्वीडनचा माणूसही गडबडतो. आधी मला वाटलं, लोक तुसडे आहेत. कॉफीच्या सुट्टीत चार जण एका टेबलाशी बसून चकार शब्द काढत नाहीत! कोणीतरी घरी बोलावेल म्हणून अख्खा हिवाळा वाट पाहिली. कुणी बोलावलं नाही.

वसंतात गावच्या सभागृहाला रंग द्यायचा 'तालको' होता. तालको म्हणजे आपली इर्जिक. सगळ्यांनी मिळून राबायचं, पैसे नाहीत, खाऊपिऊ मात्र मिळतं. सावडीसारखा परतफेडीचा हिशेब नसतो. पण कोण आलं होतं हे गाव विसरत नाही. मी दिवसभर कुंपण खरवडलं, बोललो फार तर दहा वाक्यं.

पुढच्या हिवाळ्यात पहिला मोठा बर्फ पडला, तेव्हा शेजाऱ्याने ट्रॅक्टरने माझं अंगण साफ केलं, न सांगता. पैसे देऊ केले तर चेहराच पडला त्याचा. मग चिवड्याचा डबा दिला. डबा परत आला तो वेलदोड्याचे गोड पाव भरूनच.

तालकोची सूचना बहुधा दुकानाच्या दारावर लावलेली असते. सगळी वाचता आली नाही तरी 'कोर्व' (सॉसेज) आणि 'काफ्फे' हे शब्द दिसले की तारीख टिपून घ्या. जुने कपडे घालून जा.