मुलगी १९ वर्षांची आहे, हायकोर्ट तिला घरी पाठवेल का?

प्रश्न : ताई, माझी मुलगी १९ पूर्ण आहे, कॉलेजला जाते म्हणून गेली ती परत आलीच नाही. मुलगा २० चा, आमच्या जातीतला नाही. आम्ही मिसिंगची तक्रार दिली, तर पोलिसांनी तिला शोधून जबाब घेतला की मी स्वतःहून गेलेय, आणि विषय संपवला. फोनवर ती फक्त "मी बरी आहे" म्हणते. तिच्या पप्पांना कुणीतरी सांगितलंय की हेबियस कॉर्पस टाका, कोर्ट मुलीला ताब्यात देतं. खरं आहे का? तिचं आधार, मार्कशीट सगळं माझ्याकडेच आहे. (एक आई, सांगली जिल्हा)

उत्तर : ताई, तुमची झोप उडालीय हे पत्रातच दिसतंय, म्हणून आधी सरळ सांगते, हेबियस कॉर्पस, म्हणजे डांबून ठेवलेल्या माणसाला कोर्टासमोर हजर करा म्हणणारी याचिका, आणि तिने १९ वर्षांची मुलगी "ताब्यात" मिळत नाही. कोर्ट एवढंच बघतं की तिला कुणी तिच्या मर्जीविरुद्ध डांबून ठेवलंय का. पोलिस तिला हजर करतात, न्यायाधीश तिलाच विचारतात, आणि ती म्हणाली की मी माझ्या मर्जीने राहते तर याचिका तिथेच निकाली निघते, मग आईबाप बाहेर कितीही रडोत. हे मी खूपदा पाहिलंय आणि त्यानंतर मुली घरचा फोनसुद्धा उचलत नाहीत.

केरळातली हादियाची केस आठवत असेल. ती २४ ची, वडिलांच्या याचिकेवर हायकोर्टाने २०१७ मध्ये तिचं लग्नच रद्द केलं, आणि मार्च २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो निकाल फिरवला, म्हणजे सज्ञान मुलीने कुणाशी लग्न करायचं हे कोर्टानेही ठरवायचं नाही. मुलगा २१ चा नाही हा मुद्दा तुमचे वकील काढतील, पण नंदकुमार केसमध्ये, तेही २०१८ मध्येच, सुप्रीम कोर्ट म्हणालं की दोघं सज्ञान असतील तर लग्नाशिवायसुद्धा एकत्र राहू शकतात. २०२४ मध्ये देवू नायर केसमध्ये तर स्पष्ट सूचनाच दिल्यात, की न्यायाधीशांनी मुलीशी आपल्या चेंबरमध्ये, म्हणजे खोलीत, एकटीशी बोलायचं, आईबाप किंवा पोलिसांचा दबाव नको, आणि समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवायचं नाही. मला हे अगदी योग्य वाटतं, कारण हीच याचिका उलट बाजूनेही येते, मुलीला घरात कोंडलेलं असतं आणि मुलगा कोर्टात धावतो.

पण ती "बरी आहे" म्हणताना मागून कुणी बोलतंय, फोन दुसऱ्याच्याच हातात असतो, तिला एकटीला भेटूच देत नाहीत, असं काही असेल तर मात्र एक दिवसही थांबू नका. मिसिंगची प्रत, जन्मदाखला, कॉलच्या तारखा घेऊन वकील गाठा, सांगलीकरांना आता मुंबई गाठायची गरज नाही, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरलाच मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय.

तसं काही नसेल तर तिचं आधार आणि मार्कशीट तिला देऊन टाका, पप्पांना न नेता तुम्ही एकट्याच जा, परीक्षेचा फॉर्म भरलास का एवढंच विचारा, घरी चल हा विषय पहिल्या भेटीत काढू नका.