वाचकांचे प्रश्न : मोहिनी झालेली मुलगी

प्रश्न : भारतीय मूकपटातील पहिली अभिनेत्री म्हणून कधी दुर्गाबाई कामत यांचे, तर कधी कमलाबाई गोखले यांचे नाव वाचायला मिळते. यातले खरे कोणते मानावे? आणि हा मान मिळूनही कमलाबाईंच्या मूकपटातील कामगिरीबद्दल एखाद्या ओळीपलीकडे काही का लिहिले जात नाही?

उत्तर : दोन्ही नावे खरी आहेत, कारण त्या मायलेकी होत्या आणि एकाच चित्रपटात पडद्यावर आल्या. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ च्या मे महिन्यात प्रदर्शित झाल्यावर दादासाहेब फाळके यांनी आपला मुक्काम नाशिकला हलवला आणि ‘मोहिनी भस्मासुर’ हाती घेतला. त्यात दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि जेमतेम तेरा वर्षांच्या कमलाबाई मोहिनी. वडीलकीचा मान द्यायचा तर तो दुर्गाबाईंना द्यावा. पण कथेची नायिका मोहिनी असल्याने पहिली नायिका कमलाबाईंनाच म्हणावे लागेल.

या निवडीचे मोल कळण्यासाठी त्याआधीची स्थिती लक्षात घ्यायला हवी. ‘राजा हरिश्चंद्र’साठी फाळक्यांनी नट्यांचा पुष्कळ शोध घेतला, परंतु कुलीन घरातील स्त्रिया तर सोडाच, नाचगाण्यावर पोट भरणाऱ्या स्त्रियाही कॅमेऱ्यासमोर यायला राजी झाल्या नाहीत. अखेर उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. रंगभूमीवर तर स्त्रीपार्ट पुरुषांनी करणे हाच रिवाज होता आणि बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली तीही १९१३ सालीच. अशा काळात दुर्गाबाई पतीपासून वेगळ्या होऊन, लेकीला बरोबर घेऊन फिरत्या नाटक मंडळीत उभ्या राहिल्या होत्या. लोकनिंदा त्यांनी आधीच सोसलेली होती. कॅमेऱ्यासमोर येण्याचे धाडस या दोघींनाच का झाले, याचे उत्तर मला तरी तिथेच दिसते.

मोहिनीच्या भूमिकेत एक विशेष गोष्ट आहे, तिच्याकडे फारसे कोणी लक्ष देत नाही. मोहिनी म्हणजे स्त्रीरूप घेतलेला विष्णू. पुरुष नटाने स्त्रीवेष घ्यायला याहून सोयीची भूमिका कोणती असणार? तरीही फाळक्यांनी नेमकी तीच भूमिका एका मुलीला दिली. शिवाय ही कथाच नृत्यावर उभी आहे. ज्याच्या डोक्यावर हात ठेवावा तो भस्म होईल, असा वर मिळालेला भस्मासुर नाचणाऱ्या मोहिनीची एकेक मुद्रा हुबेहूब उचलत जातो. ती सहज आपला हात स्वतःच्या मस्तकावर ठेवते, तोही ठेवतो आणि जळून खाक होतो. शब्द नाही, स्वर नाही, केवळ वर जाणारा एक हात. आणि तो हात पाहूनच प्रेक्षकाला सारे उमगले पाहिजे. मूकपटासाठी यापेक्षा नेमका प्रसंग शोधून सापडणार नाही. तो पेलण्यासाठी लागणारी अंगाची सवय या मुलीला लहानपणापासूनच्या नाटकांमुळे होती.

आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर जरा क्लेशदायक आहे. कमलाबाईंनी दार उघडले खरे, पण ते उघडे राहिले नाही. १९१४ साली फाळके आपले चित्रपट घेऊन लंडनला गेले, त्यांत ‘मोहिनी भस्मासुर’ही होता, म्हणजे या मुलीचे नृत्य सातासमुद्रापार पोहोचले. मात्र १९१७ च्या ‘लंका दहन’मध्ये सीता पुन्हा साळुंकेच झाले, आणि राम झाले तेही तेच. १९२० मध्ये कोल्हापुरात बाबुराव पेंटर यांनी ‘सैरंध्री’त गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांना कमलादेवी आणि सुशीलादेवी या नव्या नावांनी पडद्यावर आणले. पुढे पेशन्स कूपर, ‘सुलोचना’ म्हणजे रूबी मायर्स, ‘सीतादेवी’ म्हणजे रेनी स्मिथ अशा अँग्लो-इंडियन व ज्यू घरांतील तरुणी मूकपटाच्या तारका झाल्या. तोवर कमलाबाई केव्हाच रंगभूमीवर परतल्या होत्या. त्यांच्या मूकपटाच्या कारकिर्दीबद्दल एकच ओळ लिहिली जाते, ती यामुळे.

मात्र त्यांची कारकीर्द एका चित्रपटाएवढी समजणे हा मोठा अन्याय होईल. नाटक मंडळी चालवणाऱ्या गोखले घराण्यातील रघुनाथराव यांच्याशी त्यांचा विवाह झाला; पण पती अकाली गेले आणि ऐन तारुण्यात तीन मुलांचा भार त्यांच्यावर पडला. तो त्यांनी रंगभूमीच्या बळावर पेलला. प्रसंगी पुरुष भूमिकाही केल्या आणि पुढे बोलपटांतही त्या दिसल्या. लालजी आणि सूर्यकांत हे त्यांचे दोन मुलगे तबलावादनात नावारूपाला आले, तिसरे चंद्रकांत गोखले अभिनयात. विक्रम गोखले हे त्यांचे नातू.

त्यांना प्रत्यक्ष पाहण्याची इच्छा असेल, तर रीना मोहन यांनी त्यांच्यावर केलेला ‘कमलाबाई’ हा माहितीपट आपण अवश्य मिळवून पाहावा. त्या वेळी त्या नव्वदीच्या आसपास होत्या आणि जुन्या नाटकांतील संवाद त्यांना तोंडपाठ होते.