वाचकांचे प्रश्न : उष्णता, घाम आणि माणसाची मर्यादा

प्रश्न : बारावीतली मुलगी सारखी विचारते, ‘हवामान बदलामुळे माणूस नामशेषच होणार असेल तर अभ्यास करून काय उपयोग?’ तिला काय सांगावं?
– एक वाचक, चिपळूण

उत्तर : तिला आधी स्पष्ट सांगा, की तापमानवाढीने माणूस ही जात नामशेष होईल असं म्हणायला आज आधार नाही. पृथ्वीचा शुक्र होईल, समुद्र उकळतील, असं काही व्हिडिओंत सांगतात. जमिनीतला कोळसा आणि तेल जाळून गोष्ट तिथवर जात नाही. सुमारे ५ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी पृथ्वी ५ ते ८ अंशांनी तापली होती, तेव्हाही सस्तन प्राणी टिकले. आजची स्थिती अशी : औद्योगिक काळाआधीच्या मानाने २०२४ हे वर्ष साधारण दीड अंशाने जास्त गरम होतं आणि आताचीच धोरणं चालू राहिली तर शतकाच्या शेवटी वाढ अडीच-तीन अंशांवर जाईल असे अंदाज आहेत.

पण मुलीची भीती बिनबुडाची आहे, असं मात्र सांगू नका. तुवालू या प्रशांत महासागरातल्या देशाची वस्ती जेमतेम अकरा हजार आणि जमीन समुद्रसपाटीपासून दोन-तीन मीटर. तिथल्या लोकांना दरवर्षी २८० जणांपर्यंत ऑस्ट्रेलियात कायमचं राहता यावं, असा करार २०२३ साली झाला. त्यांच्या दृष्टीने अस्तित्वाचा प्रश्न आजच दारात आहे. आपल्याकडे २०२२च्या मार्चमधल्या उन्हाने उत्तरेत गव्हाचा दाणा बारीक राहिला आणि मे महिन्यात केंद्राने गव्हाची निर्यात थांबवली. धोका असा टप्प्याटप्प्याने, एकेका प्रदेशावर आणि बहुधा गरिबांवर आधी येतो.

त्यातला सगळ्यात थेट धोका शरीराचा आहे. माणूस नुसता बसून राहिला तरी शरीरात सुमारे १०० वॉट उष्णता तयार होते. भोवतालची हवा त्वचेपेक्षा, म्हणजे साधारण ३५ अंशांपेक्षा, गरम झाली की शरीरातली ही उष्णता बाहेर टाकायला घाम एवढाच मार्ग उरतो. एक लिटर घाम पूर्ण वाळला तर सुमारे २,४०० किलोज्यूल उष्णता घेऊन जातो. म्हणजे बसलेल्या माणसाला स्वतःच्याच उष्णतेसाठी तासाला दीडशे मिलिलिटर घाम वाळवावा लागतो, उन्हात राबणाऱ्याला त्याच्या कितीतरी पट. हवा दमट असली की घाम निथळतो पण वाळत नाही, आणि निथळलेल्या घामाचा शरीराला काही उपयोग नाही.

म्हणून नुसता पारा पाहू नये, ‘ओलं तापमान’ पाहावं. म्हणजे ओल्या फडक्यात गुंडाळलेला थर्मामीटर वाऱ्यात जे दाखवतो ते. विदर्भात ४४ अंश आणि आर्द्रता १५ टक्के असेल तर ओलं तापमान २३च्या आसपास येतं. कोकणात ३४ अंश आणि ७० टक्के असेल तर ते २९ होतं! ३५ ही टोकाची मर्यादा मानतात. त्यावर सावलीत नुसतं बसलेला धडधाकट माणूसही काही तासांत दगावू शकतो. पाकिस्तानातल्या जेकबाबादला ही पातळी थोड्या वेळापुरती गाठली गेली आहे. अमेरिकेत तरुण, निरोगी लोकांवर प्रयोग झाले, तेव्हा दमट हवेत त्यांचं शरीर ३०-३१लाच तोल सोडू लागलं. म्हातारी माणसं, हृदयरोगी, उन्हात राबणारे यांची मर्यादा आणखी खाली. खारघरला १६ एप्रिल २०२३ला भर उन्हातल्या सोहळ्यात १४ माणसं गेली, तेव्हा पारा ३८च्या आसपासच होता.

प्रश्न : शाळेत किंवा घरी ओलं तापमान मोजता येईल का?
– एक विज्ञान शिक्षिका, बारामती

उत्तर : अगदी येईल. प्रयोगशाळेतले दोन काचेचे थर्मामीटर घ्या. ताप मोजायचा चालत नाही, कारण त्याची पट्टी ३५च्या आसपास सुरू होते आणि पारा आपोआप उतरत नाही. दोन्ही आधी एकाच भांड्यातल्या पाण्यात बुडवून पाहा. अर्ध्या अंशाहून जास्त फरक दिसला तर जोडी बदला.

जुन्या मलमलची पट्टी साबणाच्या पाण्यात उकळून खळ काढून टाका. एका थर्मामीटरच्या फुग्यावर तिचा एकच थर घट्ट बांधा आणि खालचं टोक छोट्या बाटलीत सोडा. बाटली फुग्यापासून तीन-चार सेंटिमीटर खाली असू द्या. पाणी बॅटरीत घालतात ते डिस्टिल्डच वापरा. बोअरच्या पाण्यातले क्षार पट्टीवर साचले की तिला पाणी नीट चढत नाही आणि आकडा खोटा, जास्त येतो. पट्टी दर आठवड्याला बदललेली बरी.

दोन्ही थर्मामीटर सावलीत, भिंतीपासून दूर टांगा आणि टेबलफॅनचा वारा सोडा. वारा नसेल तर फुग्याभोवतीची हवा ओलीच राहते आणि आकडा एक-दोन अंश जास्त येतो. बहुतेकांचं इथेच चुकतं. पारा उतरायचा थांबला की, साधारण पाच ते दहा मिनिटांनी, दोन्ही आकडे लिहून घ्या. पट्टीवाल्याचा आकडा म्हणजे ओलं तापमान, दुसऱ्याचा म्हणजे हवेचं नेहमीचं. दुपारी दोन ते चार ही वेळ पकडा, आणि पट्टी वाळलेली नाही ना ते आधी बघा.

ओल्या तापमानाचा हा आकडा सावलीतला आहे, थेट उन्हाचा मारा त्यात येत नाही. म्हणून आमच्या मते २८च्या पुढे मैदानावरची कवायत बंदच ठेवावी.

प्रश्न : फार उकडल्यावर पंखा लावावा की नाही?
– एक वाचक, जळगाव

उत्तर : कोकणात जरूर लावा. तुमच्याकडे हवा कोरडी आणि ४०च्या वर असेल तर नुसता पंखा अंगावर गरम झोत मारतो. अंग ओल्या फडक्याने पुसून मग लावा. कूलरला खिडकी उघडी हवी, नाहीतर खोलीच दमट होते.

माणूस असंबद्ध बोलू लागला, अंग भाजल्यासारखं तापलं, तर तो उष्माघात समजा. १०८ला फोन करा आणि रुग्णवाहिकेची वाट न पाहता अंगावर गार पाणी ओतून वारा घाला. काखेत आणि जांघेत बर्फ ठेवा. शुद्ध हरपली असेल तर तोंडात पाण्याचा थेंबही घालू नका. तापाच्या गोळीने हा ताप उतरत नाही.