खर्च आपला, हुकूम त्यांचा

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र आणि सोबतचा, त्या मोठ्या कंपनीसाठी तिच्या नावाने नमकीन बनवून देण्याच्या कराराचा मसुदा काल रात्री वाचला. मसुदा दोनदा वाचला. तू एम.ए.ला इतिहास घेतलास आणि आता बाबांच्या नमकीनच्या कारखान्यात बसतेस, तेव्हा तुला हा कागद ओळखीचा वाटणारच. तू विचारलंस, ‘काका, तैनाती फौज, म्हणजे आपल्या खर्चाने इंग्रजांची फौज पदरी घेणाऱ्या राजांना पुढचं दिसलं कसं नाही?’ वाचून मला राग आला, पण तुझा नाही. हाच प्रश्न लोक पंचवीस वर्षं माझ्याबद्दल विचारत आलेत.

त्यांना दिसत होतं गं. चांगलं स्वच्छ दिसत होतं.

बडोद्याचंच घे. १८०२ साली गादीवर आनंदराव गायकवाड, घरात भाऊबंदकी, आणि अरब सिबंदीचा, म्हणजे भाडोत्री शिपायांचा, पगार थकलेला. म्हणजे ज्यांचे पैसे द्यायचे, तेच हत्यारबंद होऊन शहरात बसलेले. अशा वेळी दिवाण रावजी आपाजींनी मुंबईच्या ईस्ट इंडिया कंपनी सरकारला हाक मारली. कंपनीची पलटण आली, अरबांची बाकी चुकवून त्यांना बाहेर काढलं. ती बाकी चुकवायला पैसा कुठून आला? काही कंपनीने कर्जाऊ दिला, काही कंपनीच्या हमीवर तिथल्या सावकारांनी. गुजरातीत या हमीला बांहेधरी म्हणतात. पुढे १८०५च्या तहात फौजेच्या खर्चापोटी वर्षाला ११ लाख ७० हजार उत्पन्नाचे महाल तोडून द्यावे लागले. शिवाय रावजींना कंपनीने आधीच लिहून दिलं होतं की दिवाणगिरी तुमच्याच घराण्यात राहील. आता सांग, असा दिवाण सकाळी उठून कुणाच्या तोंडाकडे बघणार, राजाच्या की रेसिडेंटच्या, म्हणजे दरबारात बसवलेल्या कंपनीच्या वकिलाच्या?

तुझ्या पुस्तकात पाच-सहा अटी दिल्या असतील: फौज कायमची ठेवायची, खर्च द्यायचा नाहीतर मुलूख द्यायचा, दुसऱ्या दरबाराशी परस्पर बोलायचं नाही, दुसरे युरोपीय नोकरीत ठेवायचे नाहीत, दरबारात रेसिडेंट ठेवायचा. परीक्षेला हे ठीक आहे. पण मी तुला एकच गोष्ट सांगतो आणि हे पत्र संपेपर्यंत तीच सांगणार आहे. खर्च आपला आणि हुकूम त्यांचा, असं जिथे असेल तिथे सही करायची नाही. भाव कितीही चांगला असो. दुसऱ्या बाजीराव पेशव्याने १८०२च्या शेवटच्या दिवशी वसईला सही केली, २६ लाखांचा मुलूख दिला आणि सहा हजारांची पायदळ फौज घेतली. त्या फौजेच्या आधाराने तो पुण्यात परत आला हे खरं. पण ती कुणावर चालवायची, हे पुण्यात ठरत नव्हतं.

आपल्या इंदूरचं तर तू रोज बघतेस. होळकर-इंग्रजांची महिदपूरची लढाई २१ डिसेंबर १८१७ची, आणि ६ जानेवारी १८१८ला मंदसोरचा तह. सोळा दिवस! गादीवरचा मल्हारराव होळकर अकरा-बारा वर्षांचा पोर, बोलणी त्याच्या बाजूने तात्या जोगांनी केली. इंग्रजांच्या जॉन मालकमसमोर हरलेल्या बाजूने बसून त्यांनी जेवढं वाचवता आलं तेवढं वाचवलं, असं माझं मत आहे, आणि त्यांना नावं ठेवणाऱ्यांशी मी भांडतो. पण कलमं बघ. संरक्षणाची फौज इंग्रज ठेवणार आणि ती कुठे ठेवायची तेही इंग्रजच ठरवणार. इंदूरजवळची महूची छावणी त्याच वर्षीची. होळकरांच्याच पदरचा गफूरखान त्याच तहाने जावऱ्याचा धनी झाला. कागद होळकरांचा, आणि त्यात होळकरांच्या माणसाची हमी इंग्रजांकडे.

हे मला पीथमपूरच्या कारखानदारीने शिकवलं, पुस्तकाने नाही.

सांवेर रोडवर माझं प्रेस शॉप होतं. पत्र्याचे पार्ट दाबून द्यायचो, बावीस माणसं होती. एका पार्टीने चार महिन्यांचे पैसे अडकवले. बँकेची नोटीस आली, आणि दिवाळी तोंडावर. माणसं दारात येऊन उभी राहायची, बोलायची काही नाहीत. त्याच आठवड्यात पीथमपूरच्या एका मोठ्या कंपनीचा माणूस आला. वर्षभराची ऑर्डर, पैसे पंचेचाळीस दिवसांत, आणि दीडशे टनी प्रेस घ्यायला बँकेकडे त्यांची शिफारस. अटी तीन. त्या प्रेसवर दुसऱ्या कुणाचं काम काढायचं नाही. डाय, म्हणजे पार्ट दाबायचे साचे, आमच्या खर्चाने बनवायच्या, पण त्यांवर नाव त्यांचं कोरायचं. आणि त्यांचा इन्स्पेक्टर आमच्या शेडमध्ये बसणार.

मी कागद नीट वाचला होता. दिवाळीचा बोनस वाटता यावा म्हणून सही केली, आणि त्या दिवशी दुसरं काय केलं असतं हे मला आजही कुणी सांगितलेलं नाही. तुलाही सांगता येणार नाही.

त्या इन्स्पेक्टरसाठी मी खिडकीजवळ टेबल लावलं, पंखा लावला. माणूस सज्जन होता, डबा घरून आणायचा. त्याच्या सहीशिवाय गाडी गेटबाहेर जायची नाही. सहा महिन्यांनी एक दिवस माझा जुना फिटर, ज्याच्या लग्नात मी आहेर घेऊन गेलो होतो, रजा मागायला आला. माझ्यासमोरून चालत खिडकीकडे गेला आणि त्या माणसाला विचारलं, ‘साहेब, उद्या नाही आलो तर चालेल ना?’ इन्स्पेक्टरच ओशाळला. फिटरचं काही चुकलं नव्हतं. शेडमध्ये हुकूम कुणाचा चालतो हे त्याला माझ्याआधी कळलं होतं. पगार मी देत होतो.

पण माझी खरी चूक सही नव्हे. करारात जुन्या तीन गिऱ्हाइकांचं काम जुन्या प्रेसवर करायला मोकळीक होती. ते काम मीच बंद केलं. लहान ऑर्डरी, कटकटीची माणसं, भावावरून घासाघीस, आणि इकडे दर महिन्याला ठरलेला चेक येतोय. स्कूटर काढून पार्ट्यांकडे फिरायचं मी विसरलो. थॉमस मन्रोने १८१७ साली गव्हर्नर जनरलला हेच कळवलं होतं. ही पद्धत जिथे जाते तिथला राजा सुस्त होतो, कारण ना बाहेरच्या शत्रूची भीती उरते ना रयतेच्या बंडाची, आणि मग गावं उजाड होतात. कंपनीच्याच माणसाने लिहिलेलं आहे हे. मी ते फार उशिरा वाचलं.

मॉडेल बदललं तेव्हा त्यांनी तीस दिवसांची नोटीस दिली. डाय ते घेऊन गेले, नाव त्यांचं होतं. प्रेस राहिली, आणि तिचा हप्ता.

आता तुझा मसुदा. मी पेन्सिलने खुणा केल्यात. बेसन आणि तेल त्यांनी ठरवलेल्या व्यापाऱ्याकडूनच घ्यायचं, पण बिल तुमच्या नावावर. पॅकिंगचं ऑटोमॅटिक मशीन ते बसवून देणार आणि दर महिन्याच्या बिलातून कापणार. तीन वर्षं तुम्ही सोडायचं नाही, ते मात्र तीस दिवसांत सोडू शकतात. बाबा म्हणतात पाकिटामागे बारीक अक्षरात आपलं नाव येईल. नावाचं काय घेऊन बसलेत? इंदूरच्या तुकोजीराव होळकरांनी खांडवा-इंदूर रेल्वेला एक कोटी रुपये दिले, साडेचार टक्क्यांनी, १०१ वर्षांसाठी, वर जमीन फुकट. तिचं नावही होळकर स्टेट रेल्वेच होतं, आणि चालवणारे इंग्रज. इंदुरात रेल्वे आली याचा मला आनंदच आहे, आपलं शहर तिच्यावर वाढलं. पण डब्यावरच्या नावाने इंजिन कुणाच्या हातात आहे ते बदलत नाही.

बाबा घाबरलेत हे मला माहीत आहे. रावजीही घाबरले असतील. मी तर घाबरलोच होतो. घाबरलेल्या माणसाला रागावू नकोस, त्याच्यासाठी थोडा वेळ मिळव. सियागंजच्या बेसनवाल्याची उधारी किती थकलीय, नक्की आकडा काढ. ती उधारी म्हणजे तुमची अरब सिबंदी आहे. ती आधी निपटली तर या कंपनीशी बसून बोलता येईल, हप्त्याच्या भीतीने नाही. मग चार गोष्टी माग: बेसन आम्ही निवडू, मशीन आमच्या पैशाने आणि आमच्या नावावर, उत्पादनाचा अर्धा भाग आमच्या मर्जीचा, आणि नोटीस दोन्हीकडून सारखी. मशीन लहान घ्यावं लागलं तरी चालेल. यातलं त्यांनी काहीच मानलं नाही, तर हुकूम कुणाचा राहणार आहे ते तुला कळेल.

तू लिहिलंस, ‘काका, तुम्ही फार कडक बोलता, हल्ली सगळेच असे करार करतात.’ करतात. १८१८पर्यंत जवळजवळ सगळ्यांनीच केले होते.

शनिवारी दुपारी ये, बाबांनाही आण. मशीनचं कोटेशन, मागच्या दोन वर्षांची बिलं आणि त्या तीन जुन्या दुकानदारांचे नंबर घेऊन ये, ज्यांना तुम्ही दिवाळीनंतर माल पाठवणं बंद केलंत. पहिला फोन आपण इथूनच लावू.

तुझा,
काका