'बूट' मारायचा नसतो

'यंत्र अडकले की सगळे "रिबूट मारा" म्हणतात. हे मराठीत बरोबर आहे का आणि यात बूट आला कुठून?' असा प्रश्न आला आहे. 'मारा' चूक आहे आणि ते ऐकून माझे कान किटले आहेत. त्यातूनच अडेल यंत्राला बुटाची लाथ घालण्याची व्युत्पत्ती निघते. दुसरे कोणी बुटाच्या नाड्या बांधून सज्ज होण्याशी हा शब्द जोडतात. दोन्ही निराधार आहेत.

मूळ शब्द 'बूटस्ट्रॅप'; 'बूट' हे त्याचेच छोटे रूप. उंच बुटाच्या वरच्या काठाला, तो पायात ओढून चढवण्यासाठी शिवलेला पट्टा म्हणजे बूटस्ट्रॅप. आपल्याच बुटांचे पट्टे ओढून स्वतःला उचलणे ही १९व्या शतकातल्या अमेरिकेत अशक्य गोष्टीची थट्टा होती. तिचे श्रेय थापांच्या कथांचा नायक बॅरन मुंचहाउझन याला देणाऱ्यांनी मूळ जर्मन कथा पाहावी: दलदलीतून तो स्वतःला वर ओढतो ते केसांचा शेपटा धरून, बुटांचा तिथे संबंधच नाही.

संगणकापुढेही तोच पेच होता. प्रोग्रॅम आत घेण्यासाठी आधी आत एक प्रोग्रॅम असावा लागतो; मग तो पहिला कोण आत घेणार? जानेवारी १९७५ मध्ये 'पॉप्युलर इलेक्ट्रॉनिक्स' मासिकाच्या मुखपृष्ठावर झळकलेल्या अल्टेअर ८८०० या संगणकाच्या मूळ संचात २५६ बाइट मेमरी होती. कीबोर्ड नव्हता, पडदाही नव्हता. वाढीव मेमरी बसवून भोके पाडलेल्या कागदी पट्टीवरून बेसिक ही प्रोग्रॅमिंगची भाषा चढवायची, तर आधी वीसेक बाइटांचा बूटस्ट्रॅप लोडर, म्हणजे बाकीचे आत घेणारा तो पहिला प्रोग्रॅम, दर्शनी भागावरच्या खटक्यांनी हाताने भरावा लागे. पहिला बाइट अष्टमान (० ते ७ या अंकांच्या) पद्धतीत ०४१, म्हणजे आठ खटक्यांपैकी दोन वर आणि सहा खाली; मग 'डिपॉझिट'चा खटका दाबायचा, की पुढचा बाइट. एक खटका चुकला, तरी पट्टी वाचली जाऊनही हाती काही लागत नसे, आणि वीज बंद केली की भरलेले सारे पुसले जाई.

१९७७ साली आलेल्या कमोडोर पेट आणि टीआरएस-८० या संगणकांत बेसिक रॉममध्येच, म्हणजे वीज गेली तरी न पुसणाऱ्या मेमरीत, कोरलेले असल्यामुळे, वीज दिली की पडद्यावर 'रेडी' उमटे. माझ्या मते मराठी क्रियापदाचा सगळा इतिहास या दोन वर्षांत आहे: अल्टेअर माणूस बूट 'करत' असे, तर पेट आपला आपण बूट 'होई'. इंग्रजीला दोन्हीकडे एकच क्रियापद पुरते. मराठी मात्र 'करणे' आणि 'होणे' यांतून पट्टा कोणाच्या हातात आहे ते नेमके सांगते. म्हणूनच 'पुनरारंभ' सुचवणाऱ्या शुद्धिवाद्यांशी माझे पटत नाही, कारण त्या शब्दात कोणीच स्वतःला उचलत नाही. बटण तुम्ही दाबता तेव्हा 'रिबूट करा' म्हणावे, आणि पुढचे काम यंत्र करते तेव्हा ते 'रिबूट होते' म्हणावे.